रिकामा डबा कोणी परत करतं का

तो डबा पहिल्यांदा घरात आला तेव्हा मला वाटलं, आत दागिनाच आहे. लेकीने पिशवीतून कापडाचं गाठोडं काढलं, गाठ सोडली, आतून लाकडी डबा निघाला, डब्यावर कागदाची पट्टी, पट्टीखाली झाकण, झाकणाखाली पुन्हा एक पातळ कागद. हे सगळं ती इतकं सावकाश करत होती की मी गॅस बंद करून बाहेर आले. आणि एवढं सोलून झाल्यावर आत काय, तर एक मिठाई. एक. लिंबाएवढी, फिकट गुलाबी, वर बोटाने ओढल्यासारखी एक रेघ. घरात माणसं तीन.

ह्यांनी सरळ सुरी आणली आणि तिचे तीन तुकडे केले. लेक रडायचीच बाकी होती. "बाबा, यू डोन्ट कट इट, ती फक्त आईसाठी होती," म्हणून डोकं धरून बसली. मी माझा तुकडा तोंडात टाकला. पुरण होतं. वेलची नाही, जायफळ नाही, गोडही बेताचंच. मी म्हटलं, बरंय, पण तुझ्या बाई वेलची घालायला विसरल्यात.

"तुझ्या बाई" म्हणजे इथे आखातात, खलिफा सिटीत जपानी मिठाईचं दुकान चालवणारी एक सत्तरीची बाई. तिचा नवरा इथल्या तेल कंपनीत इंजिनियर होता. तो गेल्यावर ती परत जाईल असं सगळ्यांना वाटलं, तर तिने इथेच दुकान टाकलं. तिच्या वडिलांचं तिकडे असंच दुकान होतं म्हणे. ही बाई आमच्या आयुष्यात कशी घुसली ते आठवलं की अजून माझं डोकं फिरतं.

मी इतकी वर्षं मुसफ्फातल्या एका मराठी कुटुंबाच्या फराळाच्या दुकानात काम केलं. चकली, शंकरपाळे, बेसनाचे लाडू, गणपतीत मोदक, दिवाळीत तर श्वास घ्यायला फुरसत नाही. माझं मनगट कामातून गेलं, उन्हाळ्यात कढईसमोर उभं राहून पायांच्या शिरा फुगल्या. हे सगळं कशासाठी, तर पोरीने गळ्यात कार्ड अडकवून एसी ऑफिसात बसावं म्हणून. आणि ती बसलीही. ऑडिट फर्ममध्ये लागली, चांगला पगार, स्वतःची गाडी. मी दुकानातल्या बायकांना येता-जाता ऐकवायचे. मग एका शुक्रवारी जेवताना ती सहज म्हणाली की तिने राजीनामा दिलाय आणि ती मिठाईच्या दुकानात शिकायला जाणार आहे. कॉलेजात असताना कार्टून बघून बघून जपानी शिकली होती, ते असं अंगाशी आलं.

मी विचारलं, काय करणार तिथे? म्हणाली, पहिले काही महिने फक्त बीन्स धुवायचे. लाल चवळीसारखे बारीक दाणे असतात, ते. माझ्या हातातला घास हातातच राहिला. दाणेच धुवायचे होते तर माझ्याकडे काय कमी पोती होती? मी तिला कधी साधा चकलीचा सोऱ्या धरू दिला नाही, आणि ही दुसरीच्या दुकानात मोरीपाशी उभी राहणार. हे म्हणाले, शिकू दे, दोन महिन्यांत कंटाळेल. ह्यांचं सगळं असंच. कॉन्ट्रॅक्टिंग कंपनीत स्टोअर सांभाळून सांभाळून माणूस इतका शांत झालाय की घराला आग लागली तर आधी पावती शोधेल.

दोन महिन्यांत ती कंटाळली नाही. उलट घरी येऊन मला शिकवायला लागली. दाणे शिजवून ते पाण्यातून चाळायचे, सालं टाकून द्यायची, खाली बसलेला गाळ कापडात पिळायचा आणि मग साखर. मी विचारलं, आणि दाणे शिजवलेलं पाणी? म्हणाली, सिंकमध्ये. मी कपाळाला हात लावला. आम्ही पुरणाच्या डाळीचं पाणी कटाच्या आमटीला ठेवतो, जीव टाकतो त्या आमटीवर, आणि ही बाई रोज आमटी मोरीत ओतते. लेक म्हणाली, "आई, इट्स नॉट आमटी." मी म्हटलं, तुम्ही होऊच देत नाही.

पण खरी काळजी वेगळी होती. नोकरी सुटली तसा पोरीचा व्हिसा कॅन्सल झाला आणि आम्ही तिला पुन्हा ह्यांच्या व्हिसावर घेतलं. ह्यांची रिटायरमेंट वर्षअखेरीस. ह्यांचा व्हिसा खलास म्हणजे आमचा दोघींचाही खलास. नाशिकला फ्लॅट घेऊन ठेवलेला, तिची खोलीही रंगवून ठेवलेली, खिडकीतून गंगापूर रोडची झाडं दिसतात. ती आमच्याबरोबर परत येणार, की त्या बाई तिला नोकरीवर ठेवून व्हिसा काढणार, एवढाच प्रश्न होता. हो किंवा नाही. सरळ एका शब्दाचं उत्तर. पण बाई ताकास तूर लागू देईल तर शपथ. लेकीला विचारलं की म्हणायची, असं विचारायचं नसतं. अरे, का नसतं? जगात लोक नोकरी मागतात आणि समोरचे हो नाहीतर नाही म्हणतात. ऑफर लेटर म्हणून एक वस्तू असते.

माझं मलाच तेव्हा कळत नव्हतं की मला हवंय काय. ती आमच्याबरोबर यावी असं रात्रंदिवस वाटायचं. आणि त्या बाईने माझ्या पोरीला नको म्हणावं, हा विचार जरी मनात आला तरी अंगाचा तिळपापड व्हायचा.

तर तो डबा. आमच्याकडे कोणाचं भांडं घरात आलं की ते रिकामं परत जात नाही. चिमूटभर साखर का होईना, घालायची. मी तर दुकानात हयात घालवलेली, साखरेवर थोडंच भागणार? बेसनाचे लाडू वळले, डब्यात बसतील तितके दाबून बसवले, झाकण लागेना तेव्हा त्याला रबर लावला. लेकीने ते बघितलं आणि तिचा चेहरा असा झाला की जसं मी कोणाचं तान्हं मूल फ्रीजमध्ये ठेवलंय. डबा म्हणे एकही खिळा न मारता केलेला होता, बाईच्या वडिलांच्या दुकानातला. मी म्हटलं, मग मजबूत असेल.

लाडवांचं तूप लाकडात उतरलं आणि तळाशी एक डाग पडला. तो मला चार दिवसांनी कळला, कारण चार दिवसांनी डबा परत आला. आत चहाची छोटीशी पुडी. बाईंनी निरोप पाठवला होता की लाडू फार छान होते, आणि डब्याला डाग पडलाय तो आवडला. मला वाटलं टोमणा मारतेय. लेक म्हणाली, टोमणा नाही, त्यांना वस्तू वापरल्यासारखी दिसली की बरं वाटतं. मी म्हटलं, असं असेल तर माझ्या कढया बघायला बोलाव त्यांना.

पण चहाची पुडी आली म्हणजे पुन्हा डबा माझ्याकडे, म्हणजे पुन्हा तो रिकामा पाठवायचा नाही. मी शंकरपाळे पाठवले. तिकडून रुमालाएवढं निळं कापड आलं. मी चिवडा पाठवला. तिकडून दोन पातळ बिस्किटं आली, काचेतून बघावं तशी आरपार दिसणारी. तेव्हा लेकीने सांगितलं की त्यांच्याकडेही तीच रीत आहे, दुसऱ्याचं भांडं रिकामं पाठवत नाहीत, काहीतरी छोटंसं घालतात. फरक इतकाच की त्यांच्यात जेवढं आलं त्याहून कमी घालायचं, म्हणजे समोरच्याला ओझं होत नाही. आणि मी दर वेळी जेवढं आलं त्याच्या दसपट घालत होते. हे म्हणाले, आता ह्या दोघी मरेपर्यंत थांबत नाहीत. डब्याच्या फेऱ्या पोरगी मारत होती, आणि प्रत्येक वेळी पिशवी उचलताना सुस्कारा टाकायची. मला मात्र त्या डब्याचा नाद लागला होता. आत काय येतंय त्यावरून मी अंदाज बांधायचे, बाई पोरीवर खूश आहेत की नाहीत. बिस्किटं आली की खूश. नुसता घडी घातलेला कागद आला की माझी झोप उडायची.

मग मी एकदा दुकान बघायला गेले. मला गाडी येत नाही, म्हणून हेही आले, आणि पार्किंग मिळेपर्यंत निम्मा जीव गेला. दुकान म्हणजे खालच्या मजल्यावरची एक खोली. आत एक लांब लाकडी फळी, कोपऱ्यात मातीच्या भांड्यात इथल्या वाळवंटातल्या घाफच्या झाडाची एक वाळकी काडी, आणि फळीवर ओळीने मिठाया, त्याही मोजक्या. बाकी सगळं रिकामं. भिंतीसुद्धा मातकट, रंग द्यायचा राहिल्यासारख्या. आमच्या दुकानात बोट ठेवायला जागा नसते, आणि मालक म्हणतो शेल्फ रिकामं दिसलं की गिऱ्हाईक परत जातं. मी लेकीला हळूच विचारलं, माल संपलाय का? म्हणाली, आजचा एवढाच आहे. एकेक मिठाई पंचवीस दिरहम. मी मोठ्याने म्हणाले, म्हणजे सहाशे रुपये, आणि ह्यांनी मला कोपर मारलं.

बाई आतून आल्या. बुटक्या, केस पांढरेशुभ्र, हात मात्र माझ्यासारखे, फुगलेल्या सांध्यांचे. वाकून नमस्कार केला, मीही केला, त्यांनी पुन्हा केला, म्हणून मीही पुन्हा केला. त्या एखादी वस्तू दोन्ही हातांनी देतात, दोन्ही हातांनी घेतात, सुटे पैसेसुद्धा. तेवढ्यात एक अमिराती बाई आल्या, त्यांच्या मुलाच्या साखरपुड्यासाठी त्यांना शंभरेक खोके हवे होते. मी मनातल्या मनात आनंदाने उडीच मारली, पोरीच्या व्हिसाची सोय झाली म्हटलं. आणि आमच्या बाई काय करतात? हळू आवाजात माफी मागून नाही म्हणतात. एवढं त्यांच्या हातून नीट होणार नाही म्हणे. त्या अमिराती बाई हसल्या, इन्शाल्ला पुढच्या वेळी म्हणाल्या आणि दोनच मिठाया घेऊन गेल्या. मला कोणीतरी खुर्ची द्यावी असं वाटलं. शंभर खोक्यांची ऑर्डर मी एका हाताने केली असती, दुसऱ्या हाताने पोळ्या लाटल्या असत्या.

गाडीत मी ह्यांना म्हटलं, ही बाई स्वतःच दुकान बुडवणार आणि माझ्या पोरीलाही बुडवणार. ह्यांनी एसी वाढवला.

उन्हाळा आला आणि नवीनच खूळ निघालं. त्यांच्या धंद्यात म्हणे मिठाई ऋतूप्रमाणे बदलते. तिकडे फुलं फुलली की फुलाची, पानं गळली की पानाची. बाई पहिली काही वर्षं इथेही तीच फुलं करायच्या, मग सोडून दिली. जे झाड इथे कोणी बघितलेलं नाही त्याचं फूल विकणं खोटं वाटतं म्हणाल्या. आता त्यांनी माझ्या पोरीला सांगितलं होतं, तू इथे वाढलीस, इथला ऋतू तू कर. इथला ऋतू. मोहम्मद बिन झायद सिटीत इतकी वर्षं काढली, मला दोनच ऋतू माहीत आहेत. गरम आणि असह्य. मी म्हटलं, एसीच्या आउटडोअर युनिटची मिठाई कर.

पण ती हटून बसली आणि जुलैच्या ऐन भट्टीत आम्हाला अल ऐनला घेऊन गेली, खजुराच्या बागा बघायला. हे गाडी चालवत होते, मी मागे ओला नॅपकिन डोक्यावर घेऊन बसले होते. बागेत शिरल्यावर सावली होती हे मान्य करते. पाटातून पाणी वाहत होतं आणि वर घडच्या घड लटकलेले, पिवळे धमक. एका घडातले काही खजूर अर्धे पिवळे आणि अर्धे तपकिरी होते, टोकाकडून मऊ पडायला लागलेले, देठाकडे अजून कडक. पोरगी त्या एका घडाखाली इतका वेळ मान वर करून उभी राहिली की माळी येऊन विचारून गेला, मॅडम ठीक आहेत ना. मी म्हटलं, बेटा, पिकलेला बघ की तिकडे. "नो आई, हाच," म्हणाली. अर्धवट पिकलेलं फळ कोण कौतुकाने बघतं, मला सांगा.

मग सुरू झाला खजूर. ती दुकानात करायची आणि बाई नाही म्हणायच्या. नाही म्हणायच्या म्हणजे तोंडाने नाही, नुसतं बघायच्या आणि ताटली बाजूला ठेवायच्या. लेक ती नापास झालेली मिठाई घरी आणायची. पहिला खजूर मी हातात घेतला तेव्हा थक्क झाले, हुबेहूब, सालीवरची चमक, देठाची टोपी, सगळं. मी म्हटलं, ह्यात नाही म्हणण्यासारखं काय आहे? लेक म्हणाली, बाई म्हणतात, खजूर बघायचा असेल तर माणूस खजूर विकत घेईल. मग टोपी गेली. मग चमक गेली. मग आकारही गेला. आमच्या फ्रीजमध्ये नापास खजुरांची रांग लागली आणि आम्ही दोघं रोज दूध पिताना ते खात होतो. पोरीची बोटं सालपटली, जेवणावर लक्ष नाही, पाठ दुखतेय म्हणून झोप नाही. मला त्या बाईचा इतका राग यायचा. शेवटी एकदा निव्वळ एक पिवळा गोळा आला, एका बाजूने आतला तपकिरी रंग पातळ पापुद्र्यातून जेमतेम दिसत होता. त्यात खजूर कुठेच नव्हता, आणि मला अल ऐनच्या पाटाचं पाणी आठवलं. हे मी तेव्हा बोलले नाही. तो खजूर बाईंनी फळीवर ठेवला. त्यांच्यात मिठाईला नाव ठेवतात. पोरीने नाव ठेवलं, "अजून नाही."

अजून नाही. मग कधी?

आता तरी बाई बोलतील असं मला वाटलं. ऑगस्ट गेला, सप्टेंबर गेला. ह्यांच्या कंपनीत एंड ऑफ सर्व्हिसचे कागद सुरू झाले. आम्ही सोफा विकला, फ्रीज कोणाला द्यायचा ते ठरवलं, कार्गोवाल्याला फोन झाले. हॉलमध्ये कार्टन लागले, त्यावर हे मार्करने आकडे टाकत होते. मी लेकीला विचारायचे, तुझ्या कपड्यांचा कार्टन भरू का? ती म्हणायची, "थांब ना, आई." आणि पहाटे उठून दाणे धुवायला जायची. मी म्हटलं, मी येऊन विचारते तुझ्या बाईंना. तेव्हा ती पहिल्यांदा माझ्यावर ओरडली.

आणि अशात तो डबा आला. मी त्याआधी डब्यातून ओल्या नारळाच्या करंज्या पाठवल्या होत्या, चांगल्या सुबक, ह्या वेळी झाकण नीट लागेल इतक्याच. इतकी वर्षं मला कोणी शिकवू शकलं नाही ते त्या बाईमुळे मी करायला लागले होते. लेकीने गाठोडं टेबलावर ठेवलं आणि आंघोळीला गेली. मी कापड सोडलं. पट्टी नव्हती. आतला पातळ कागद नव्हता. झाकण काढलं तर डबा रिकामा. स्वच्छ पुसलेला, तळाशी माझ्या तुपाचा डाग, आणि बाकी काही नाही.

मी तो उलटा करून बघितला. कापड झटकलं. पिशवीत हात घातला.

रिकामा डबा म्हणजे काय ते मला कोणी सांगायला नको होतं. संपलं, एवढाच त्याचा अर्थ. आणि रीत माहीत नसलेल्या बाईने पाठवला असता तर सोडून दिलं असतं, पण हिला रीत पाठ होती. म्हणजे माझ्या पोरीला वर्षभर राबवून घेतलं, तिच्याकडून इथला ऋतू करून घेतला, आणि नाही म्हणायला तोंड उघडेना म्हणून हे असं. मी ह्यांना म्हटलं, गाडी काढा. हे म्हणाले, उद्या बघू. मी म्हटलं, यल्ला, आत्ता. माझा आवाज ऐकून ते चावी शोधायला लागले. एवढ्या संतापातसुद्धा, कोणाच्या दारात रिकाम्या हाताने कसं जायचं म्हणून, मी ताज्या लाडवांतले चार कागदात गुंडाळून पर्समध्ये टाकले. ही सवय. लेक ओल्या केसांनी मागे धावत आली आणि गाडीत बसली. रस्ताभर "आई, प्लीज लिसन, आई," चाललं होतं. मी ऐकलं नाही.

दुकान बंद करायची वेळ झाली होती. फळीवर एकच मिठाई उरली होती. बाई एकट्याच होत्या, आत शेगडीवर दाणे रटरटत होते. मी डबा त्यांच्यासमोर ठेवला, झाकण काढलं आणि हिंदी, इंग्लिश, मराठी जे तोंडात आलं त्यात विचारलं की हे काय आहे. पोरीला ठेवायचं नव्हतं तर सांगायचं होतं सरळ, आमच्यातली माणसं "नाही" ऐकून काही मरत नाहीत.

बाईंनी आधी माझ्याकडे बघितलं, मग लेकीकडे. मग त्या जपानीत बोलायला लागल्या. वर्षभरात त्यांचं एवढं बोलणं मी ऐकलं नव्हतं. लेक इंग्लिशमध्ये सांगायला लागली, मी म्हटलं, मराठीत सांग.

ती अडखळली. तिला शब्द शोधावे लागत होते. "त्या म्हणतात, बाहेरच्या माणसाकडे डबा भरून पाठवतात. घरातला डबा... तो रिकामाच फिरतो. घरात कोणी परत काही देत नाही."

मी डब्याच्या तळाच्या डागाकडे बघितलं.

"त्या विचारतायत, आई. मला ठेवून घेऊ का, असं तुला विचारतायत. व्हिसाचा फॉर्म तयार आहे. पण आधी तुझं उत्तर. तू भरून दिलास तर नाही. तसाच दिलास तर हो."

मी तिला विचारलं, तुला हे माहीत होतं? ती म्हणाली, डबा हलका लागला तेव्हा कळलं होतं. मग बोलली का नाहीस म्हटलं, तर खाली बघत म्हणाली, "तुझं उत्तर मी कसं सांगणार?"

म्हणजे इतके महिने मी ह्या बाईच्या एका शब्दासाठी मेटाकुटीला आले होते, आणि तो शब्द आता माझ्याच गळ्यात येऊन पडला होता. ही काय पद्धत झाली? मला चांगलं भांडायचं होतं. मला तिने नाही म्हणायला हवं होतं, म्हणजे मी तिला मनसोक्त शिव्या घातल्या असत्या आणि पोरीला घेऊन नाशिकला गेले असते.

पर्समध्ये लाडू होते. काही बोलायची गरज नव्हती. कागद सोडायचा आणि चार लाडू डब्यात ठेवायचे, बस. त्यात कोणाचा अपमान नव्हता, भांडण नव्हतं. बाईंनी मान झुकवली असती, आणि वर्षअखेरीस पोरगी गंगापूर रोडच्या खिडकीत बसली असती, माझ्या डोळ्यांसमोर. मी पर्सची चेन उघडली सुद्धा. हे दारात उभे होते, त्यांनी ते बघितलं आणि दुसरीकडे तोंड केलं. लेक माझ्या हाताकडे बघत होती. तिच्या बोटांवर सालपटं होती, नखांच्या कडा दाण्यांच्या रंगाने लाल झालेल्या.

लहानपणी शाळेतून आली की ती दप्तर टाकायची आणि डबा सिंकमध्ये ठेवायची. रोज रिकामा. भेंडी असेल त्या दिवशी बसमधल्या कोणाच्या तरी गळ्यात मारायची, ते मला ठाऊक होतं, पण आणायची रिकामाच. स्टीलचा रिकामा डबा सिंकमध्ये वाजला की मला बरं वाटायचं. त्यात तिने कधी काही घालून आणलं नाही, आणि मला कधी वाटलंही नाही की घालावं.

मी पर्सची चेन लावली. बाईंच्या लाकडी डब्याचं झाकण लावलं. बाई सगळं दोन्ही हातांनी घेतात, म्हणून मीही तो दोन्ही हातांनी उचलला आणि त्यांना दिला. त्यांनी घेतला. त्यांचे हात थंड होते. मग आत दाणे उतू जायला लागले म्हणून पोरगी पळाली, आणि आम्ही निघालो.

गाडीत आम्ही दोघंच होतो. लेकीला दाणे गाळूनच यायचं होतं, बाई तिला नंतर टॅक्सीने पाठवणार होत्या. सिग्नलला मी पर्समधला कागद सोडला आणि एक लाडू ह्यांना दिला, एक मी घेतला. हे खाता खाता म्हणाले, साखर जास्त झालीय. मी म्हटलं, झाली असेल.